डॉक्युमेंटरीत दहशतवाद्यांचं जुनं फुटेज वापरणं योग्य आहे का, आणि त्याचे हक्क कुणाकडून घ्यायचे?

वापरा. पण आधी बघा, कॅमेरा कुणाचा होता. २०१९ मध्ये क्राइस्टचर्चच्या मारेकऱ्याने मशिदीतला गोळीबार स्वतःच फेसबुकवर लाइव्ह दाखवला. न्यूझीलंडमध्ये तो व्हिडिओ नुसता जवळ बाळगणंही गुन्हा आहे. असलं फुटेज फिल्ममध्ये घेणं म्हणजे त्याचंच काम पुढे नेणं. सीसीटीव्ही किंवा बातमीदाराचं फुटेज वेगळं, पण तेही एडिट टेबलावर नासवता येतं.

मी अंधेरीत एडिटिंग करतो. २६/११वरच्या एका फिल्मसाठी सीएसटीचं सीसीटीव्ही फुटेज आलं होतं. डायरेक्टर म्हणाला, "कसाबवर पंच-इन कर, स्लो कर, खाली बेसचं घुमणारं म्युझिक टाक." पंच-इन केलं, म्हणजे फ्रेम कापून एकावरच झूम केलं, की पळणारी माणसं फ्रेमबाहेर जातात, उरतो फक्त बंदूकवाला. स्लो करायचं तर सीसीटीव्हीत मुळातच फ्रेम कमी. मधल्या फ्रेम सॉफ्टवेअर मनाने बनवतं. म्हणजे पडद्यावरची ती चाल निम्मी खोटी. आवाजही नव्हता, मग लायब्ररीतली एके-४७ लावली. आणि वर कोपऱ्यात ऐटीत 'आर्काइव्ह' लिहिलं! मी म्हटलं, वाइड ठेव, वेळ दाखवणारा टाइमकोड ठेव, मुकं राहू दे. तर म्हणे, "अरे, प्रेक्षक चॅनल बदलेल." प्रोड्यूसरने त्याचीच री ओढली.

त्या रात्री सीएसटीवर ५० हून जास्त माणसं गेली. विष्णू झेंडे अनाउन्समेंटच्या केबिनमधून प्रवाशांना सावध करत राहिले, त्यांना आमच्या फिल्ममध्ये जेमतेम एक बाइट. तुकाराम ओंबळेंनी गिरगाव चौपाटीला कसाबची बंदूक धरून ठेवली, तिथे कॅमेरा नव्हता, म्हणून त्यांचा एक हार घातलेला फोटो. ज्याचं फुटेज जास्त, त्याची फिल्म! डायरेक्टरच्या हे डोक्यातच शिरलं नाही. तुम्ही निदान कट लॉक, म्हणजे एडिट पक्का, करण्याआधी कोण किती सेकंद दिसतो, ते मोजा.

हक्कांचं: चॅनलचं फुटेज त्यांच्या लायब्ररीकडून रीतसर लायसन्स घेऊन, फोटो वृत्तपत्राकडून किंवा फोटोग्राफरकडून. सीसीटीव्ही कोर्टात पुरावा म्हणून आलं म्हणून ते फुकट वापरायला मोकळं, असं समजू नका. २०१५ चा केबल टीव्हीचा बंदीचा नियम दहशतवादविरोधी कारवाईच्या थेट प्रक्षेपणापुरता आहे, डॉक्युमेंटरीला तो लागत नाही. तरी वकिलाला दाखवाच, मी एडिटर आहे.

आणि हो, चेहरा ब्लर करा असं मी म्हणत नाहीये. सेबॅस्टियन डिसोझांनी काढलेला कसाबचा फोटो कोर्टात पुरावा म्हणून कामी आला. पण तो स्थिर फोटो होता, खाली बेस नव्हता. आमच्या डायरेक्टरसाहेबांनी ट्रेलर मात्र त्याच स्लो-मोवर उघडला.