जुना ‘डार्क सोल्स’ की नवा?

प्रश्न : ‘डार्क सोल्स’ या व्हिडिओ गेमची २०११ची मूळ आवृत्ती मी खेळलो आहे. २०१८ची रीमास्टर्ड (तांत्रिक सुधारणा करून पुन्हा काढलेली) आवृत्ती घेण्याइतका फरक तिच्यात आहे का?

उत्तर : फरक आहे, पण तो कथेत नसून गतीत आहे. मूळ खेळ कन्सोलवर सेकंदाला ३० फ्रेम्सनी (चित्रांनी) चालत असे आणि खेळातल्या ब्लाइटटाउन या भागात तर तेवढाही वेग टिकत नसे, त्यामुळे तिथे चूक आपली की यंत्राची, हेच कळत नसे. नव्या आवृत्तीत, निन्टेंडो स्विच हा कन्सोल वगळता, ६० फ्रेम्स मिळत असल्याने ढाल उचलण्याची वा लोळण घेण्याची वेळ नेमकी साधता येते. ऑनलाइन खेळाडूंची मर्यादाही चारवरून सहावर गेली आहे. प्रकाशयोजना मात्र मला जुनीच अधिक गूढ वाटते. तुम्ही स्विचवरच खेळणार असाल, तर घाई करू नये.