तुम्ही वाचा, मी बघते

"पन्नाशी ओलांडल्यावर नवरा परका वाटू लागला, तर लग्न संपले असे समजायचे का?" हा प्रश्न कोल्हापुरात राजारामपुरीतल्या माझ्या समुपदेशनाच्या खोलीत वरचेवर येतो. मध्यंतरी तो एका प्रकाशकाच्या पत्नीने विचारला. ओळख पटू नये इतपत तपशील बदलून ती हकीकत सांगते.

दोघांनी मिळून २६ वर्षे व्यवसाय केला होता. हजार प्रतींची आवृत्ती काढायची, ग्रंथालयांच्या खरेदीची वाट पाहायची आणि त्या पैशातून पुढच्या पुस्तकाचा कागद घ्यायचा, असे ते चक्र होते. २०१९च्या महापुरात शाहूपुरीतल्या गोदामात पाणी शिरून खालच्या थरातले गठ्ठे गेले आणि पुढच्याच वर्षी टाळेबंदीत दुकाने, ग्रंथालये बंद झाली. पुस्तकांवर जीएसटी नसल्यामुळे कागदावर भरलेल्या कराची वजावट मिळत नाही, हे ओझे वेगळेच. आता मागणी येईल तशा पंचवीस-पन्नास प्रती डिजिटल छपाईवर निघतात आणि लेखक मजकूर बाहेरून तपासून घेऊन थेट पीडीएफ पाठवतात.

"हे दिवसभर मोबाइलमध्ये असतात, काय झाले विचारले तर 'काही नाही' म्हणतात. यांच्याबरोबर मी कशासाठी राहते, हेच कळेनासे झाले आहे," असे बाई म्हणाल्या. गृहस्थ मात्र सोबत आणलेल्या वहीतले येणे-देणे मला दाखवत राहिले.

मीही फसले. चिंता पैशाची आहे असे धरून, रोज संध्याकाळी रंकाळ्यावर फिरायला जा आणि धंद्याचा विषय काढू नका, असा ठरीव सल्ला दिला. पंधरा दिवसांनी दोघे आले तेव्हा कळले, की ते रोज गेले होते आणि रोज न बोलता परत आले होते.

मग मी विचारले, "शेवटचे मनापासून भांडण कधी झाले?" बाई पटकन म्हणाल्या, "एका स्वल्पविरामावरून." जेवणे उरकल्यावर गृहस्थ हस्तलिखित मोठ्याने वाचत आणि त्या समोर प्रूफ धरून चुका टिपत, मध्येच वाचन थांबे आणि लेखकावर, त्याच्या नायिकेवर, कधी स्वतःच्या सासरवर बोलणे निघे. प्रुफे घरी येणे थांबले तेव्हा एक काम कमी झाले, एवढेच दोघांना वाटले होते. त्यांचा संसार ज्या तासाभरात बोलत होता, तो तासच त्या कामाबरोबर गेला होता आणि मी तर धंद्याचा विषयच बंद करून बसले होते.

घरात मारहाण किंवा फसवणूक असेल, तर मी वेगळा सल्ला देते. पण जोडीने केलेला उद्योग आक्रसत असताना लग्नाविषयी शंका येऊ लागली, तर आधी नेमके काय हरवले ते शोधावे आणि तोवर वेगळे होण्याचा निर्णय लांबणीवर टाकावा, असे माझे मत आहे.

तिसऱ्या भेटीत मी सांगायच्या आतच गृहस्थांनी टेबलावरचे माझे माहितीपत्रक उचलले आणि म्हणाले, "मॅडम, 'समुपदेशन'मधला मु तुम्ही दीर्घ छापलाय." बाईंनी पर्समधून लाल पेन काढले, पत्रक स्वतःकडे ओढून घेतले आणि माझ्याकडची दुसरी प्रत त्यांच्या हातात देत म्हणाल्या, "तुम्ही वाचा, मी बघते." एका पानाच्या पत्रकात अकरा चुका निघाल्या. त्या दिवशीचा सगळा वेळ त्यातच गेला.