‘फुसेल्लुस’ची वंशावळ काढताना

लॅटिनमध्ये ‘फुसुस’ म्हणजे सूत कातायची चाती, आणि ‘फुसेल्लुस’ ही तिची छोटी बहीण, म्हणजे लघुत्ववाचक रूप. कोशात शोधताना आधी नाम आहे की धातुसाधित, ते बघा. ‘फुन्देरे’ (ओतणे, वितळवणे) या क्रियापदाचं भूतकाळवाचक धातुसाधितही ‘फुसुस’च होतं. नवशिक्यांचा गोंधळ बहुतेक इथेच होतो, आणि मग दोन्ही घराणी एकाच झाडावर टांगली जातात.

फ्यूजचंच बघा. बॉम्बची वात चातीच्या घराण्यातली: इटालियन ‘फुसो’वरून, कारण दारूची नळी चातीसारखी दिसे. घरातला विजेचा फ्यूज मात्र वितळण्यावरून आला, तार वितळते म्हणून. इंग्रजी स्पेलिंगवर विसंबू नका.

‘फ्युझिल’ तर आणखी फसवं. ढालीवरच्या चिन्हांतला शंकरपाळ्यासारखा लांबट चौकोन चातीचा, पण त्याच नावाची बंदूक ‘फोकुस’ म्हणजे चुलीवरून. चकमकीच्या दगडावर घासून ठिणगी पाडायच्या पोलादामार्गे ती आली.

अर्थ जुळतो का, हे ठरवायला सुताने भरलेली चाती डोळ्यासमोर आणा: मध्ये फुगीर, दोन्ही टोकांना निमुळती. विमानाचा ‘फ्यूझलाज’ (म्हणजे धड; फ्रेंच ‘फ्यूझले’, चातीच्या आकाराचा) आणि ‘फ्युझेरियम’ बुरशीचे बीजाणू या कसोटीला लगेच उतरतात. ‘फुसिल्ली’ पास्ता उतरत नाही, तरी शब्द चातीचाच, कारण तिथे संबंध पीळ घालण्याशी आहे. म्हणून आकार हा पुरावा नव्हे, नुसता इशारा; मधल्या भाषेतलं रूप सापडल्याशिवाय नोंद पक्की करू नका. फ्रेंचसाठी जुनं ‘फ्यूझेल’ आणि आजचं ‘फ्यूझो’ तपासा.