आईच्या आठवणी एकमेकींशी जुळत नाहीत, कोणती खरी मानू?

तुम्ही विचारलंय, आई आठवली की कधी मायाळू दिसते, कधी मारकुटी, मग खरी कुठली? निकाल माझ्याकडेही नाही. माझं काय झालं ते सांगते.

लालबागच्या चाळीत, दहा बाय बाराच्या खोलीत आई खाणावळ चालवायची. जेवायला पंधराएक गिरणी कामगार, बहुतेक साताऱ्याकडचे, बायकापोरं गावी ठेवून आलेले. पाळ्या वेगवेगळ्या, त्यामुळे आमचा स्टोव्ह दिवसभर फरफरत असायचा. 18 जानेवारी 1982 पासून कामगार पुढारी डॉक्टर दत्ता सामंतांचा गिरणी संप सुरू झाला आणि अडीच लाखांच्या आसपास कामगारांचा पगार थांबला. आमच्याकडचे बरेचसे गावी गेले. पाच-सहा जण राहिले, त्यांना आईने महिनोन्महिने उधारीवर जेवू घातलं. कुणाच्या ताटातली भाकरी तिने मोजली नाही.

त्याच वर्षी मी, आठ वर्षांची, त्यांच्यासाठी भाजून ठेवलेला सुका बोंबील गुपचूप खाल्ला. आईने तापलं उलथणं माझ्या मनगटाला लावलं. डाग अजून आहे.

यातून मी सरळ हिशेब मांडला होता: लोकांची आई, आमची सावत्र. लग्नानंतर माहेरी जाणंही कमी केलं. (नवऱ्याला वाटायचं, लालबागची गर्दी मला सोसत नाही.)

मग एका दिवाळीत थोरल्या बहिणीकडे विषय निघाला. ती म्हणाली, "अगं, बोंबील मी खाल्ला होता. मारही मीच खाल्ला. तुझा डाग स्टोव्हचा भडका उडाला तेव्हाचा." आईला विचारलं, तर ती म्हणाली, "मी? कधी बोटसुद्धा लावलं नाही तुम्हाला." हे मात्र साफ खोटं, यावर आम्हा दोघींचं लगेच एकमत झालं.

भावंडांना जरूर विचारा, पण न्यायनिवाडा होईल या आशेने नको. माझ्या बहिणीची आठवण माझ्याइतकीच पक्की आहे.

आई गेल्यावर तिची हिशेबाची वही सापडली. संपाच्या वर्षातल्या नावांपुढे भाकऱ्यांचे आकडे, 'जमा' फक्त दोघांपुढे. मागच्या पानावर तिची स्वतःची उसनवारी: तांदूळ, रॉकेल, आणि एका ओळीत 'बर्नॉल 1'.

बहीण म्हणाली, "बघ, स्टोव्ह."

मी म्हटलं, "बघ, उलथणं."