लिंबायतमध्ये 'आपले' किती? : सुरतच्या उपनगरातल्या मतांबद्दल वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात सुरतच्या खानदेशी वस्त्यांवर दोन ओळी काय लिहिल्या, पत्रांचा आणि मेसेजचा ढीगच पडला. बहुतेक सगळे लिंबायतबद्दलच. सुरतच्या दक्षिण-पूर्व अंगाला असलेला हा विधानसभा मतदारसंघ, गोडादरा, नीलगिरी, मीठी खाडी वगैरे भाग त्यात येतो, आणि जळगाव, धुळे, नंदुरबारच्या प्रत्येक गावातलं कुणी ना कुणी तिथं किंवा शेजारच्या डिंडोली-उधन्यात राहतंच. सगळे प्रश्न घेता येणार नाहीत, निवडक घेतोय.

प्रश्न (पारोळा): भाऊ, आमना गावना अर्धा पोरे सुरतमा शेतस. निवडणूक आली की जो तो म्हणतो लिंबायत म्हणजे मिनी खानदेश, आपल्या मतांशिवाय तिथं पान हलत नाही. आपले मतदार नक्की किती तेवढं सांगा.

दादा, पक्का आकडा सरकारकडेच नाही तर मी कुठून देऊ. मतदार यादीत नाव, बाप किंवा नवऱ्याचं नाव, वय, घर नंबर एवढंच असतं, त्यात भाषा नसते, जात नसते, मूळ गाव नसतं. जनगणनेत मातृभाषा विचारतात पण ते आकडे जिल्ह्याप्रमाणे येतात, विधानसभेच्या हद्दीप्रमाणे नाही, आणि शेवटची जनगणना २०११ ची आहे. त्यातही आपला एक घोळ आहेच. जनगणनेत अहिराणी मराठीखाली धरत नाहीत, 'खानदेशी' अशी वेगळी भाषा मोजतात, देशभरात २०११ ला ती १८ लाख ६० हजार लोकांनी सांगितली. आता सुरतमधला आपला माणूस घरात अहिराणी बोलतो, पोरं मराठी शाळेत, आणि दारात आलेल्या मास्तरला तो मराठीही सांगेल नाहीतर अहिराणीही सांगेल, त्याचा काय नेम.

पेपरात जे 'इतके लाख मराठी मतदार' छापून येतं ना, ते कार्यकर्ते यादी घेऊन बसतात आणि आडनावं वेगळी काढतात त्यातून आलेलं असतं. पाटील, सोनवणे, महाजन, बडगुजर इथपर्यंत ठीक चालतं. पण चौधरी आला की गाडी अडते, कारण चौधरी आपल्याकडचे आहेत, दक्षिण गुजरातच्या आदिवासींत आहेत, राजस्थान आणि यूपीवाल्यांतही आहेत. म्हणून असा आकडा कुणी छातीठोक सांगितला तर ऐकून घ्यायचं आणि सोडून द्यायचं.

जे नक्की माहीत आहे ते वेगळंच आहे आणि मला विचाराल तर जास्त कामाचं आहे. सुरत महापालिकेची लोकसंख्या २००१ ला २४ लाखांच्या वर होती, २०११ ला ४४ लाखांच्या वर गेली. यात थोडी हद्दवाढ पण आहे, २००६ ला आजूबाजूची गावं आणि छोट्या नगरपालिका आत घेतल्या आणि शहर ११२ चौरस किलोमीटरवरून ३२६ वर गेलं. पण बाकीच्यांत मोठा वाटा बाहेरून आलेल्या माणसांचा. आणि त्यात पुरुषच जास्त, २०११ ला सुरत जिल्ह्यात हजार पुरुषांमागे ७८७ बायका. म्हणजे एकटा गडी येतो, खोलीत आठ-दहा जणांत राहतो, पाळी करतो, पैसे गावी पाठवतो. संचा खात्यावरचा, म्हणजे यंत्रमागावरचा, ओडिशाच्या गंजाम जिल्ह्याचा कामगार बराचसा असाच, त्याचं मत गावीच राहतं.

आपली मंडळी मात्र बायकापोरांसकट गेली. ७२ च्या दुष्काळात गेलेल्यांच्या नातवंडांची लग्नं आता तिथंच होतायत, तापी व्हॅलीची रेल्वे लाईन दारात, अमळनेर-नंदुरबारहून रात्री बसलं की सकाळी उधना, नवापूर स्टेशन तर अर्धं महाराष्ट्रात आणि अर्धं गुजरातमध्ये आहे! कुटुंब असलं की भाड्याची खोली जाऊन छोटं घर येतं, रेशनकार्ड येतं, लाईटबिल येतं, आणि मग मतदार यादीत नाव येतं. त्यामुळे मिलच्या गेटवर आपली माणसं जेवढी दिसतात त्यापेक्षा यादीत त्यांचं वजन जास्त आहे. लिंबायतमध्ये मुस्लिम वस्ती मोठी आहे, तेलुगू विणकर आहेत, यूपी-बिहारवाले आहेत, मारवाडी आहेत, आपण एकटे तिथं बहुमतात नाही. पण कानबाईच्या रोटांना, म्हणजे श्रावणातल्या आपल्या सणाला, सगळ्या पक्षांचे पुढारी हजर असतात ते उगाच नाही.

प्रश्न (अमळनेर): लिंबायत मतदारसंघ कधी झाला आणि तिथं आजपर्यंत कोण कोण निवडून आलं? आमच्याकडे एक जण म्हणतो की पूर्वी काँग्रेसचा होता.

पूर्वी हा मतदारसंघच नव्हता आबा. हा सगळा पट्टा चोर्यासीत यायचा आणि चोर्यासी इतका फुगला होता की मतदारांच्या बाबतीत विधानसभेची जागा लोकसभेएवढी झाली होती. २००७ ला तिथून भाजपचे नरोत्तम पटेल निवडून आले. मग २००८ ला मतदारसंघांची नवीन हद्द लागू झाली, तीच ज्यात आपल्याकडे एरंडोल लोकसभा गेली आणि रावेर आली. त्यात चोर्यासी फोडून लिंबायत, उधना, मजुरा वगैरे जागा निघाल्या. म्हणजे लिंबायतला पहिलं विधानसभा मतदान २०१२ ला झालं.

तेव्हापासून तिन्ही वेळा भाजपच्या संगीता पाटील. २०१२ ला समोर काँग्रेसचे सुरेश सोनवणे, फरक तीस हजारांचा. २०१७ ला काँग्रेसचे डॉ. रवींद्र पाटील, फरक परत तीस-बत्तीस हजारच. २०२२ ला आम आदमी पक्षाचे पंकज तायडे दुसरे आले, काँग्रेसने गोपाल पाटील दिले होते, आणि फरक ५८ हजारांवर गेला.

आता ही नावं परत एकदा वाचा. पाटील, सोनवणे, पाटील, तायडे, पाटील. पक्ष कुठलाही असो, उमेदवार आपल्याच बाजूच्या आडनावाचा. म्हणून मी नेहमी म्हणतो की लिंबायतला खानदेशी मतं तिकीट ठरवतात, निकाल नाही ठरवत. सगळ्यांनीच आपला माणूस उभा केला तर 'आपल्या माणसाला' मत द्यायचं म्हणजे कुणाला द्यायचं? मग माणूस पक्ष बघतो, नळाला पाणी येतं का बघतो, खाडीचं पाणी घरात शिरलं तेव्हा कोण आलं होतं ते बघतो. गावाकडे चहाच्या टपरीवर बसून 'आपण तिथं आमदार बनवतो' म्हणायला छान वाटतं पण ते अर्धंच खरं.

प्रश्न (चोपडा): २०२२ ला म्हणे लिंबायतला ४४ उमेदवार होते, त्यातले बहुतेक मुस्लिम अपक्ष. मतं फोडायला उभे केले आणि म्हणून भाजप आली, बरोबर ना?

४४ होते हे बरोबर, आणि त्यातले ३६ मुस्लिम होते. एका मशीनवर १६ बटणं असतात, म्हणजे नोटा धरून ४५ नावांना तीन-तीन मशीनं लावावी लागली, म्हातारी माणसं चिन्ह शोधूनच दमली असतील. हे सगळे आपोआप उभे राहिले असं कुणीच समजत नाही. पण निकालाचं कारण तेच, हे मला पटत नाही. याआधी दोनदा तीस हजारांनी तीच जागा तोच पक्ष जिंकलाय, आणि २०२२ ला विरोधातली मतं मुळात आप आणि काँग्रेसमध्येच वाटली गेली.

उलट मला २०१७ चं नवल वाटतं. त्या जुलैत जीएसटीविरुद्ध सुरतचं कापड मार्केट कितीतरी दिवस बंद होतं, कटिंग-फोल्डिंग आणि पार्सलवाल्या आपल्या पोरांची रोजी बुडाली, सगळे म्हणत होते आता बघा. डिसेंबरात निकाल लागला तर सुरत जिल्ह्यात १६ पैकी १५ जागा भाजपला. शेठ चिडला म्हणून मजूर तसंच मत देईल असं नसतं.

प्रश्न (भुसावळ): भाऊ, सी. आर. पाटील आपल्याच जिल्ह्याचे आहेत असं माझे सासरे सांगतात. ते देशात सर्वात जास्त मतांनी निवडून आले होते हे खरं का?

सासरे बरोबर आहेत ताई. जन्म जळगाव जिल्ह्यातल्या पिंप्री अकराऊतचा, सुरतमध्ये आधी पोलीस कॉन्स्टेबल होते, १९८९ ला भाजपमध्ये गेले. लिंबायत, उधना, मजुरा, चोर्यासी हे सुरतकडचे चार आणि जलालपोर, नवसारी, गणदेवी हे तीन मिळून नवसारी लोकसभा होते. ती पण २००८ चीच, आणि २००९ पासून तिथं तेच आहेत.

पहिल्या वेळी फरक १ लाख ३२ हजारांचा होता. २०१४ ला एकदम साडेपाच लाखांच्या वर, २०१९ ला ६ लाख ८९ हजार, त्या वर्षी देशात सगळ्यात जास्त. पण आजवरचा विक्रम तेव्हाही आपल्या महाराष्ट्रातच होता, २०१४ च्या पोटनिवडणुकीत बीडला प्रीतम मुंडे ६ लाख ९६ हजारांनी आल्या होत्या. २०२४ ला पाटलांनी तो मोडला, ७ लाख ७३ हजार, तर नेमकं त्याच वेळी इंदूर आणि धुबरीचे उमेदवार दहा लाखांच्या पुढे गेले. त्यानंतर ते केंद्रात जलशक्ती मंत्री झाले.

एवढे मोठे फरक का येतात तर नवसारीत २०२४ ला २२ लाखांच्या वर मतदार होते हे पण लक्षात घ्या. आणि २०२४ ची गंमत अशी की शेजारच्या सुरत लोकसभेत मतदानच झालं नाही, काँग्रेसचा अर्ज बाद झाला, बाकीच्यांनी माघार घेतली, भाजपचे मुकेश दलाल बिनविरोध. त्यामुळे एकाच शहरात लिंबायतच्या भावाने बोटाला शाई लावली आणि कतारगामचा मेहुणा घरी बसला.

प्रश्न (शिरपूर): लिंबायतची परत फोड होणार का?

आजची हद्द २००१ च्या जनगणनेवर आहे आणि सुरत त्यानंतर कुठल्या कुठे गेलं. चोर्यासी फोडून पण २०२२ ला परत साडेपाच लाख मतदारांवर गेलं होतं. २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत जागांचं वाटप गोठवलेलं आहे, ती होऊन आयोग बसला की सुरतच्या जागा वाढतील हे उघड आहे. आपल्या वस्त्या एका जागेत राहतील की तीन जागांत वाटल्या जातील, खरा प्रश्न तो. तिकीट ठरवायची ताकद एकगठ्ठा वस्तीमुळेच आहे, वाटली गेली की संपली.

प्रश्न (धरणगाव): माझं नाव गावच्या यादीत आहे आणि लिंबायतलाही आहे. गावच्या सरपंचकीला एक-एक मत लागतं म्हणून घरचे नाव काढू देत नाहीत. काही होतं का?

होतं. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५० च्या कलम १७ प्रमाणे दोन मतदारसंघांत नाव ठेवता येत नाही, आणि खोटं लिहून दिलं तर कलम ३१ खाली एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. अजून कुणाला काही झालेलं तुम्ही ऐकलं नसेल, पण तेवढ्यावर जाऊ नका.

२०१९ ला अडचण नव्हती, गुजरात आणि जळगाव-रावेरचं मतदान एकाच दिवशी, २३ एप्रिलला होतं, म्हणजे दोन्हीकडे जाणं शक्यच नव्हतं. २०२४ ला गुजरातचं ७ मे ला, १० मे ला अखाजी (अक्षय्य तृतीया), आणि जळगाव-रावेरचं १३ मे ला. अखाजीला सगळी सुरत गावी येते, झोके चालू, पुरणपोळी चालू, आणि पुढारी दारात येऊन म्हणतो आलाच आहात तर तेवढं बटण दाबून जा. शाई तर नखावर ताजी! गावातल्या पोलिंग एजंटला कोण कुठून आलंय ते सगळं माहीत असतं, समोरच्या पार्टीने हरकत घेतली तर लाज तुमची जाते, पुढारी लांब उभा राहतो.

जिथं वर्षातले अकरा महिने राहता तिथलं नाव ठेवा. लिंबायतला नवीन नाव घालताना फॉर्म ६ भरला असेल आणि गावचं नाव लपवलं असेल तर गावी फॉर्म ७ भरून ते काढून घ्या. अजून कुणी पत्ता बदलणार असेल तर त्याला सांगा की सरळ फॉर्म ८ भर, त्यात जुनं नाव निघून नवीन पत्त्यावर येतं, मोबाईलवरूनही भरता येतो. आणि गावचं ठेवायचं ठरवलंत तर लोकसभा-विधानसभेच्या मतदानाच्या दिवशी पगारी सुट्टी मागा, १९५१ च्या कायद्यात कलम १३५ ब आहे, मतदार असलेल्या कामगाराला ती द्यावी लागते. मिलचा शेठ नाही म्हणाला तर कलमाचा नंबर सांगा, निदान विचारात तरी पडेल.