कॅमेरा आत्ताच घेऊ नका

प्रश्न : मुलगी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. ती परफॉर्मन्स आर्ट करते, म्हणजे प्रेक्षकांसमोर स्वतःच्या शरीराने केलेली कृती हीच कला. ओळखीच्यांच्या यंत्रमागाच्या शेडमध्ये अंगाला सूत गुंडाळून तीन तास उभी राहिली होती. आता प्रायोगिक फिल्म करायची म्हणते आणि ८० हजारांचा कॅमेरा मागते. घ्यावा का? – एक पालक, सोलापूर

उत्तर : कॅमेरा थांबवा, मुलीला थांबवू नका. तिचा रस्ता नवा नाही : अमेरिकेतल्या यव्हॉन रेनर नृत्य आणि परफॉर्मन्समधून आल्या, १९७२ मध्ये त्यांनी पहिली मोठी फिल्म केली आणि पुढे कित्येक वर्षं फिल्मच करत राहिल्या.

सुरुवातीला बहुतेक जण कॅमेरा स्टँडवर लावतात आणि तीन तास सलग टिपतात. ती झाली नोंद, फिल्म नव्हे. शेडमध्ये बघणाऱ्याला सुताचा वास येतो, मागाची खडखड छातीत बसते, नजर हवी तिकडे फिरते. पडद्यावर हे सगळं जातं, उरते फक्त चौकट. म्हणून तीच कृती पाच शॉट्समध्ये करायला सांगा, प्रत्येकी एक मिनिट, कॅमेरा न हलवता. एका शॉटमध्ये ती दिसूच नये, फक्त ओढलं जाणारं सूत दिसावं. मग कापून तीन मिनिटांवर आणायचं.

याला मोबाइल पुरतो. मात्र मॅन्युअल सोय असलेलं, म्हणजे सेटिंग हाताने ठरवू देणारं अ‍ॅप हवं : सेकंदाला २५ फ्रेम (चित्रं), शटर १/५० सेकंद (प्रत्येक चित्रासाठी प्रकाश आत येण्याचा वेळ). आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब सेकंदाला शंभर वेळा लुकलुकते. शटर ऑटोवर राहिलं तर चित्रावर पट्टे सरकू शकतात. एक्स्पोजरही (चित्राचा उजळपणा) लॉक करावं, नाहीतर पांढरं सूत पुढे आलं की चेहरा काळवंडतो. मागाजवळ आवाज फाटतो. तो दाराबाहेरून पाच मिनिटं वेगळा टिपावा.

खरा खर्च कॉम्प्युटरवर करा. दा विंची रिझॉल्व्ह हे संकलनाचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, पण ८ जीबी रॅमवर अडखळतं. १६ जीबी घ्या. प्रायोगिक फिल्ममधून पोट भरणं फार अवघड, संकलनाची कामं मात्र मिळतात.

पदवी पूर्ण होऊ द्या. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म शिकवणाऱ्या संस्थेतल्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमांना ती लागतेच, शिवाय प्रवेश परीक्षा. माझ्या मते तिने दिग्दर्शनापेक्षा संकलन निवडावं. शरीराचा वेळ तिला कळतो, पडद्याचा अजून शिकायचाय.

आणि एक, कृपा करून : अंगाला सूत असताना शेडमधला एकही माग चालू नको. सूत फिरत्या भागात अडकलं तर ते सोडवायला वेळ मिळत नाही.