सवाना पहिल्यांदा बघताय? पायीच फिरा

अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यात, अटलांटाहून गाडीने साधारण चार तासांवर सवाना शहर आहे. पर्यटकांना फिरवणाऱ्या ट्रॉली-बसमध्ये बसू नका, गाईडबरोबर चाला. जुलै-ऑगस्टचा उकाडा सोसवत नाही. मार्च किंवा नोव्हेंबर बघा आणि सकाळची पहिली टूर घ्या.

१७३३ मध्ये जॉर्जिया वसाहतीचा संस्थापक ओगलथॉर्प याने आखलेलं हे गाव म्हणजे चौकांचं जाळं. मूळच्या २४ पैकी २२ चौक अजून आहेत, त्यामुळे थोडं चाललं की सावली आणि टेकायला बाक मिळतो. ओकच्या फांद्यांवरून लोंबणाऱ्या राखाडी जटा म्हणजे स्पॅनिश मॉस. नावात मॉस असलं तरी ते शेवाळ नव्हे, अननसाच्या कुळातली वनस्पती आहे.

भुताखेतांच्या टूर ढिगाने मिळतील. पहिल्या खेपेला त्या सोडा आणि फर्स्ट आफ्रिकन बॅप्टिस्ट चर्च आतून बघा. तिथल्या खालच्या मजल्यावर लाकडी जमिनीला नक्षीसारखी भोकं पाडलेली आहेत. पळून आलेले गुलाम त्या फळ्यांखाली लपायचे आणि या भोकांतून श्वास घ्यायचे, असं चर्चची मंडळी सांगतात. मी वाकून पाहिलं आणि बराच वेळ तोंडातून शब्द फुटला नाही. १८५९ मध्ये याच शहराबाहेर दोन दिवसांच्या लिलावात चारशेहून अधिक माणसं विकली गेली. गाईड हे आपणहून सांगत नसेल, तर विचारा.

नदीकाठच्या रिव्हर स्ट्रीटला उतरणाऱ्या दगडी पायऱ्या उभ्या आणि ओबडधोबड आहेत. आई-बाबा सोबत असतील तर त्यांचा हात धरा, आणि चपला नकोत, बूटच घाला.